गेमचं रेकॉर्डिंग आणि तासगावचा बेदाणा

मे महिन्यात दाजींचा फोन आला. "पोरगं म्हणतंय नवीन ग्राफिक्स कार्ड पायजे. गेम खेळताना व्हिडिओ काढतोय, तो अडकतोय म्हणे. तुमचा धंदाच व्हिडिओचा. एकदा येऊन बघून जावा की, मग काय ते घेऊ."

माझा धंदा म्हणजे लग्नाच्या शूटिंगचं एडिटिंग. सांगलीत खणभागात एक खोली, दोन कॉम्प्युटर, आणि गेली वीस वर्षं लोकांच्या हळदी नि वराती कापत-जोडत बसलोय. गेमचं म्हणाल तर नेट कॅफेत तासाच्या हिशोबानं जीटीए सान अँड्रियास खेळलो, तेवढंच. पण व्हिडिओ तो व्हिडिओच. रविवारी दुपारी जेवण करून विश्रामबागला गेलो.

भाच्यानं जीटीए फाइव्ह लावला. डोंगरातल्या रस्त्यावरून गाडी पळवत होता आणि पडद्यावर सगळं लोण्यासारखं चाललं होतं. मग त्यानं त्याच फेरीचं रेकॉर्डिंग लावलं. गाडी दोन सेकंद नीट पळते, ठेचकाळते, परत पळते. कडेची झाडी म्हणजे हिरवे चौकोनी तुकडे. "बघा की मामा. कार्डच जुनं झालंय."

मशीन बघितली. चार कोअरचा इंटेलचा आय-थ्री प्रोसेसर, नावाच्या शेवटी एफ. सोळा जीबी रॅम. जीटीएक्स १६५० कार्ड. एक छोटी एसएसडी आणि एक टीबीची हार्ड डिस्क. या मशीनवर हे काम व्हायला पाहिजे होतं. का होत नव्हतं हे शोधण्यात दुपार गेली, आणि ते सांगायचं तर आधी थोडा हिशोब करावा लागतो.

मोबाइल वर धरून वरात शूट करावी तसं कॉम्प्युटर आपल्या पडद्याचं शूटिंग करत असणार, अशी आपली समजूत असते. काम तसं हलकं वाटतं. आता बघा. फुल एचडी पडदा म्हणजे आडवे १९२० आणि उभे १०८० ठिपके, एकूण २० लाख ७३ हजार ६००. प्रत्येक ठिपक्याला लाल, हिरवा, निळा असे तीन आकडे, म्हणजे तीन बाइट. एक चित्र झालं ६.२ एमबीचं. सेकंदाला अशी ६० चित्रं, म्हणजे फ्रेम. गुणाकार करा, सेकंदाला ३७३ एमबी. मिनिटाला २२ जीबीच्या वर. भाच्याची एक टीबीची डिस्क पाऊण तासात काठोकाठ भरली असती. भरली असती म्हणायचं एवढ्यासाठी, की साधी हार्ड डिस्क सेकंदाला शंभर-दीडशे एमबीच्या आसपास लिहिते. ३७३ तिला झेपतच नाहीत.

म्हणून हा माल आहे तसा ठेवता येत नाही. वाळवून ठेवावा लागतो.

हे समजावायला तासगाव बरं पडतं. चार किलो द्राक्षं वाळवली की साधारण किलोभर बेदाणा होतो. पाणी उडतं, गोडी राहते. बेदाणा रात्रभर भिजवला तर फुगतो, पण त्याचं परत द्राक्ष होत नाही. व्हिडिओचंही अगदी असंच आहे. जे डोळ्याला जाणवणार नाही ते काढून टाकायचं, जाणवणारं ठेवायचं, आणि जे काढलं ते कायमचं गेलं. फरक प्रमाणात आहे. बेदाण्याला चाराचं एक होतं. यूट्यूबला टाकायच्या फुल एचडी, ६० फ्रेमच्या व्हिडिओसाठी यूट्यूबच सुचवतं तो दर सेकंदाला १२ मेगाबिट आहे. आठ बिटांचा एक बाइट, म्हणजे सेकंदाला दीड एमबी. ३७३ चं दीड. जवळजवळ अडीचशे किलोंचा एक किलो.

आणि हे काम सवडीनं करायची सोय नाही. द्राक्षं शेडवर दोन-तीन आठवडे पडून वाळतात. इथं सेकंदाला साठ क्रेट दारात येऊन पडतात आणि एका क्रेटला सोळा मिलिसेकंदांपेक्षा जरा जास्त वेळ मिळतो. मागचा क्रेट उरकला नसेल आणि पुढचा आला, तर ठेवायला जागा थोडी. ती भरली की क्रेट सरळ फेकायचा. फेकलेला क्रेट म्हणजे व्हिडिओत बसलेला हिसका.

मी डीव्ही कॅसेटवर काम केलेला माणूस आहे. तासाची कॅसेट कॉम्प्युटरवर उतरवायला एक तास लागायचा आणि १३ जीबी जागा खायची. मधेच फ्रेम गळल्या की कॅसेट मागं घेऊन परत उतरवायची. गेम मागं घेता येत नाही. भाच्यानं डोंगरावरून मारलेली ती उडी एकदाच मारली होती.

वाळवायचं म्हणजे नेमकं काय करतात, हे थोडं बघू, कारण पुढचं सगळं त्यावरच आहे. पहिली काटछाट रंगाची. आपला डोळा उजेड-अंधाराला तिखट आणि रंगाला आळशी आहे. म्हणून प्रत्येक ठिपक्याचा उजेड ठेवतात, पण रंग चार ठिपक्यांत मिळून एकच ठेवतात. एवढ्यानंच माल निम्मा होतो आणि बहुतेकांना पत्ता लागत नाही. लागतो तो बारीक लाल अक्षरांत. गेममधला लाल स्कोअर रेकॉर्डिंगमध्ये जरा फुटलेला दिसतो, तो याचमुळं.

दुसरी काटछाट मोठी. लागोपाठची दोन चित्रं बहुतांशी सारखीच असतात. डोंगरातल्या त्या फेरीत खालच्या कोपऱ्यातला नकाशाचा चौकोन जागचा हलत नाही. आभाळ तेच. रस्त्याकडेचं झाड मागच्या चित्रात जिथं होतं तिथून वीस ठिपके डावीकडं सरकलंय, एवढंच. मग झाड परत कशाला काढायचं? चित्राचे बारीक चौकोन पाडायचे, एच २६४ पद्धतीत ते १६ बाय १६ चे असतात, आणि 'हा चौकोन मागच्या चित्रातून उचल, वीस घरं डावीकडं ठेव' एवढीच चिठ्ठी लिहायची. पूर्ण चित्र अधूनमधूनच साठवायचं, दोन सेकंदांतून एकदा वगैरे. त्याला कीफ्रेम म्हणतात. मधली सगळी चित्रं म्हणजे चिठ्ठ्याच.

एच २६४ ही पद्धत २००३ सालची आहे आणि अजून सगळीकडं चालते. त्यानंतर २०१३ मध्ये एचईव्हीसी आली, २०१८ मध्ये एव्ही-वन. तेवढ्याच आकारात जास्त चांगलं चित्र देतात, पण एडिटिंगला जुनी मशीन असेल तर अजून २६४ च बरी.

तिसरी काटछाट बारकाव्यांची. चौकोनातलं बारीक बारीक किती ठेवायचं आणि किती घासून सपाट करायचं, हे ठरवायचं. जागा कमी दिली की घासणं वाढतं आणि चौकोन दिसायला लागतात. भाच्याच्या झाडीत दिसत होते तेच हे.

आता एक गंमत. चिठ्ठ्यांवर काम भागतं ते चित्र शिस्तीत सरकतं तोवर. पाऊस, धूर, गवत, पाण्यावरची चमक इथं प्रत्येक ठिपका आपल्या मनानं हलतो. मागच्या चित्रातून उचलण्यासारखं काही सापडत नाही. वरातीत पेपर ब्लास्ट उडाला की माझ्याकडं हीच बोंब होते. नवरा-नवरी ऐन मोक्याला चौकोनी होतात. म्हणून एका गेमचं रेकॉर्डिंग चकचकीत येतं आणि दुसऱ्याचं चिखल होतं, मशीन तीच असली तरी. माइनक्राफ्टमध्ये घरात बसून विटा रचताना काही वाटत नाही. बाहेर पाऊस सुरू झाला की कळतं.

आता सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न. हे वाळवायचं काम कॉम्प्युटरमध्ये करतं कोण?

दोघं करू शकतात. एक म्हणजे मुख्य प्रोसेसर. तो हुशार आहे, कुठलंही काम करतो, वेळ दिला तर बेदाणा उत्तम काढतो. एक्स २६४ नावाचं सॉफ्टवेअर त्याच्याकडून हे करून घेतं. पण त्याच वेळी गेमही त्याच्याच डोक्यावर असतो. गाड्या कुठं वळल्या, पोलिस कुठून आले, भिंतीला धडकल्यावर काय झालं, हा सगळा हिशोब प्रोसेसरच करतो. चार कोअरच्या प्रोसेसरला दोन्ही सांगणं म्हणजे आचाऱ्यालाच वाढायला लावण्यासारखं आहे. पंगत निम्मी उपाशी उठणार.

दुसरा म्हणजे ग्राफिक्सच्या चिपमध्ये कोपऱ्यात बसवलेलं वेगळं सर्किट. त्याला हे एकच काम येतं, व्हिडिओ वाळवणं. गेमचं चित्र काढणारा भाग वेगळा, हा वेगळा, त्यामुळं याला कामाला लावलं तरी गेमला फारसं जाणवत नाही. इंटेलनं २०११ मध्ये क्विक सिंक नावानं ते प्रोसेसरमधल्या ग्राफिक्समध्ये दिलं. एनव्हिडियाचं एनव्हीएन्क २०१२ च्या जीटीएक्स ६०० मालिकेपासून आहे. एएमडीनंही त्याच वर्षी आपलं आणलं. म्हणजे ही सोय दहा-बारा वर्षांपूर्वीच्या कार्डातसुद्धा सापडते. कित्येकांच्या घरात ती तशीच पडून आहे.

भाच्याच्या कार्डातही होती. त्यानं रेकॉर्डिंगसाठी ओबीएस हे सॉफ्टवेअर घातलं होतं. फुकट आणि खुलं आहे, २०१२ पासून आहे, आणि या कामाला मी तरी दुसरं काही सुचवणार नाही. पण त्यात एन्कोडर (वाळवणारा) सॉफ्टवेअरचा, म्हणजे एक्स २६४ ठेवला होता. रेकॉर्डिंगची क्वालिटी 'सेम ॲज स्ट्रीम', म्हणजे थेट प्रक्षेपणाइतकीच, होती आणि स्ट्रीमचा दर होता २५०० किलोबिट. हिशोब केला तर जवळपास बाराशे किलोंचा एक किलो. थेट प्रक्षेपणात नेटचा वेग तोकडा असतो म्हणून तो दर ठीक आहे. घरच्या डिस्कवर लिहायला कशाला एवढी कंजुषी? कामाचा भार चुकीच्या माणसावर आणि वर जागा पण द्यायची नाही, अशी ती सेटिंग होती.

एन्कोडर एनव्हीएन्क केला. झाडी सुधारावी म्हणून क्वालिटी बदलली. इथं जरा थांबून सांगतो, कारण सगळे इथंच चुकतात.

दर ठरवायच्या दोन रीती आहेत. एकीत सेकंदाला अमुक मेगाबिट असं बांधून द्यायचं. थेट प्रक्षेपणाला ते लागतंच. पण रेकॉर्डिंगला यात दोन्हीकडून तोटा. गेमच्या मेनूत दहा मिनिटं बसलात तरी तेवढीच जागा जाते, आणि पाऊस आला की तेवढ्यात भागत नाही. दुसऱ्या रीतीत दर्जा बांधून द्यायचा आणि जागा लागेल तेवढी घे म्हणायचं. ओबीएसमध्ये एनव्हीएन्कला याला सीक्यूपी म्हणतात, एक्स २६४ ला सीआरएफ. आकडा जितका लहान तितका दर्जा चांगला. हे उलटं लक्षात ठेवावं लागतं. भाच्यानं चांगला दर्जा हवा म्हणून आधी ४० टाकून बघितले होते आणि "असं केल्यावर अजूनच घाण येतंय" म्हणून सोडून दिलं होतं. मी २० ठेवतो. डिस्क भरत आली असेल तर २३. आकड्यांत पडायचंच नसेल तर ओबीएसच्या साध्या मोडमध्ये 'इनडिस्टिंग्विशेबल क्वालिटी' निवडा, काम भागतं. त्याखाली 'लॉसलेस' दिसेल, त्याच्या वाटेला जाऊ नका. बघता बघता डिस्कचं पेव भरून टाकेल.

२० वर त्या डोंगरातल्या फेरीला पंधरा मिनिटांत साडेचार जीबी लागले. म्हणजे सेकंदाला पाच एमबी, म्हणजे ४० मेगाबिट. साध्या हार्ड डिस्कलाही हे काहीच नाही. एसएसडी घेतल्याशिवाय रेकॉर्डिंग होत नाही म्हणतात ते खरं नव्हे. फक्त गेम ज्या डिस्कवर आहे तिच्यावर रेकॉर्डिंग करू नये. गेम मधेच नवीन रस्ता, नवीन गाव वाचायला लागला की डिस्कच्या सुईची दोन्हीकडं धावपळ होते. गेम एसएसडीवर, रेकॉर्डिंग हार्ड डिस्कवर, हे उत्तम. पेन ड्राइव्हवर तर नकोच, त्यातून तो फॅट ३२ मध्ये फॉरमॅट केलेला असेल तर ४ जीबीला फाइल थांबते.

झाडी झकास आली. पण गाडी अजून ठेचकाळत होती. कमी, पण होती. भाचा माझ्याकडं बघायला लागला, दाजी दारात उभे. ग्राफिक्स कार्डचा खर्च माझ्या डोळ्यांसमोर परत नाचला.

ओबीएसमध्ये 'डॉक्स' मेनूत 'स्टॅट्स' म्हणून एक खिडकी आहे. ती उघडली. तिच्यात तीन ओळी बघायच्या. एक, रेंडरिंग लॅगमुळं हुकलेल्या फ्रेम. दोन, एन्कोडिंग लॅगमुळं वगळलेल्या फ्रेम. तीन, नेटवर्कमुळं गळलेल्या फ्रेम. तिसरी ओळ फक्त थेट प्रक्षेपणाची, रेकॉर्डिंगवाल्यानं सोडून द्यावी. दुसरी वाढत असेल तर वाळवणारा दमलाय. एन्कोडर बदला, नाहीतर त्याचा प्रीसेट, म्हणजे तयार सेटिंग, हलका करा. भाच्याची दुसरी ओळ आता शून्यावर होती. पहिली मात्र दर सेकंदाला वाढत होती.

पहिल्या ओळीचा अर्थ वेगळा. क्रेट वाळवण्याआधी तो भरावा लागतो. गेमचं चित्र, कोपऱ्यात भाच्याचा चेहरा, वर चॅनेलचं नाव, हे सगळं ओबीएस एका चित्रात जुळवतं, आणि ते काम ग्राफिक्स कार्डाच्या चित्र काढणाऱ्या भागातच होतं. गेमवर कुठलीही मर्यादा नसेल तर गेम त्या भागाचा सगळा वेळ खातो. कार्ड शंभर टक्के. सेकंदाला ९० फ्रेम काढता येतात ना, मग काढतो ९०. ओबीएसला आत शिरायला फट मिळत नाही. म्हणून खेळताना लोणी आणि रेकॉर्डिंगमध्ये दगड. खेळणारा म्हणतो माझा गेम तर मस्त चालतोय, आणि ते खरंच असतं.

उपाय साधा, गेमला ६० फ्रेमची मर्यादा घालायची. गेमच्या सेटिंगमध्ये व्ही-सिंक (गेमला मॉनिटरच्या गतीला बांधणारी सोय) लावा किंवा कार्डाच्या सॉफ्टवेअरमधून बांधा. रेकॉर्डिंग ६० चंच आहे, वरच्या ३० फ्रेम तशाही व्हिडिओत येणार नव्हत्या. ज्यांचा मॉनिटर सेकंदाला १४४ चित्रं दाखवणारा आहे त्यांनी १२० वर बांधावं. ६० च्या पटीत असलं की चाल एकसारखी येते. शिवाय ओबीएस 'रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर' करून उघडलं तर विंडोज त्याला कार्डावर पहिला मान देतं. दोन्ही केलं. कार्ड ऐंशी टक्क्यांवर आलं, पहिली ओळ जागच्या जागी थांबली. दाजी म्हणाले, "म्हणजे कार्ड नको?" भाचा काहीच बोलला नाही. नवीन कार्ड हातचं गेलं म्हणून त्याचं तोंड जरा उतरलंच होतं.

कार्ड घ्यायचंच असेल तेव्हा एक बघून घ्या. सगळ्याच कार्डांत वाळवणारं सर्किट असतं असं नाही. जीटी १०३० मध्ये ते नाही. आरएक्स ६४०० आणि ६५०० एक्सटीतही नाही. आणि इंटेलच्या ज्या प्रोसेसरच्या नावाला शेवटी एफ असतो, त्यात ग्राफिक्सच नसतं, त्यामुळं क्विक सिंकही नसतं. थोडे पैसे वाचतात म्हणून लोक एफ घेतात आणि सोबत यांतलं एखादं कार्ड. मग रेकॉर्डिंगला दोन्हीकडं भिंत.

लॅपटॉपवाल्यांची तक्रार निराळी असते, रेकॉर्डिंग सगळं काळं येतं. लॅपटॉपमध्ये दोन ग्राफिक्स असतात. गेम एकावर चालतो, ओबीएस दुसऱ्यावर उघडतं, याचं त्याला दिसत नाही. विंडोजच्या 'ग्राफिक्स' सेटिंगमध्ये जाऊन दोघांना एकाच चिपवर बसवायचं. डेस्कटॉपवर काळं आलं तर बहुधा 'गेम कॅप्चर' लागलेलं नसतं. काही ऑनलाइन गेमचे खेळातली लबाडी पकडणारे प्रोग्राम त्याला आत येऊ देत नाहीत. तिथं 'डिस्प्ले कॅप्चर' वापरा. फक्त मग पडद्यावर येईल ते सगळं जातं, व्हॉट्सॲपच्या निरोपांसकट.

ओबीएस जड वाटत असेल तर विंडोजमध्येच गेम बार आहे. विंडोज बटण आणि जी दाबा. रेकॉर्डिंग सुरू करायला विंडोज, ऑल्ट आणि आर. एकाच खिडकीचं करतो, डेस्कटॉपचं करत नाही, पण एखादा तुकडा टिपायला पुरेसा. आमच्या वेळी फ्रॅप्स होतं. फुकटातलं फक्त तीस सेकंद टिपायचं, वर पट्टी मारायचं, आणि तीस सेकंदांनीच डिस्क दमायची.

रेकॉर्डिंग सतत चालू ठेवायचं नसेल तर 'रिप्ले बफर' बघा. माझ्या मते भाच्यासारख्यांना याचीच जास्त गरज आहे. यात मशीन चित्रं वाळवत राहते, पण डिस्कवर लिहीत नाही. शेवटचं एक मिनिट तेवढं रॅममध्ये फिरतं ठेवते, जुनं पुसून नवं. ४० मेगाबिटनं एक मिनिट म्हणजे ३०० एमबी, सोळा जीबीत काहीच नाही. भारी काही घडलं की बटण दाबायचं, मागचं मिनिट फाइलमध्ये उतरतं. तीन तास खेळून पाच तुकडे हाती लागतात. नाहीतर तीन तासांची ५४ जीबीची फाइल एडिट करायला माझ्याकडं घेऊन येतात, आणि ती बघायला मला तीन तास लागतात.

आठवड्यानं भाच्याचा फोन. "गेलं की ओ मामा सगळं!" वळवाचा पाऊस आला होता, लाइट गेली होती. इन्व्हर्टरवर घरातला पंखा आणि ट्यूब, कॉम्प्युटर नाही. दीड तासाचं रेकॉर्डिंग, १८ जीबीची फाइल डिस्कवर दिसते, पण कुठलाच प्लेअर उघडत नाही.

ती फाइल एमपी-फोर होती. एमपी-फोर किंवा एमकेव्ही हे नुसते डबे आहेत, बेदाणा आतला. पण डबा डब्यासारखा नसतो. एमपी-फोरमध्ये कुठलं चित्र फाइलमध्ये कितव्या जागी आहे, याची यादी लागते, आणि साध्या रेकॉर्डिंगमध्ये ती यादी शेवटी लिहिली जाते, स्टॉप दाबल्यावर. स्टॉप दाबायच्या आत लाइट गेली की माल सगळा आत आणि यादी कोरी. प्लेअरला कुठून काय वाचायचं कळत नाही. एमकेव्ही हिशोब चालता चालता लिहितो. लाइट गेली तर शेवटचे एक-दोन सेकंद जातील, बाकी उघडतं.

म्हणून ओबीएसमध्ये रेकॉर्डिंग एमकेव्हीत करायचं. एडिटिंगच्या सॉफ्टवेअरला एमकेव्ही चालत नसेल तर 'फाइल' मेनूत 'रिमक्स रेकॉर्डिंग्ज' आहे. त्यात डबा बदलतो, बेदाणा तोच. दर्जा तसूभर कमी होत नाही, आणि परत वाळवायचं नसल्यानं मोठी फाइलसुद्धा झटकन होते. २०२४ च्या ३०.२ आवृत्तीपासून ओबीएसमध्ये 'हायब्रिड एमपी-फोर' नावाचा डबाही आलाय, तोही अर्धवट राहिला तरी उघडतो. भाच्याची गेलेली फाइल? अशा फाइली सुधारायचे प्रोग्राम असतात. त्याच मशीनवर त्याच सेटिंगनं केलेली एखादी धड फाइल दाखवली की तिच्यावरून यादीचा अंदाज बांधतात. तास-दीड तास खटपट केली. चित्र बरंचसं परत आलं, आवाज मधे मधे गेला. आमच्याकडं जूनपासून लाइटीचा भरवसा नसतो, त्यामुळं दाजींनी शेवटी पैसे घातले ते छोट्या यूपीएसमध्ये.

आवाजाचं लोक शेवटी बघतात आणि पस्तावतात. भाचा बोलतो तो माइक, गेमचा आवाज, आणि मित्रांची बडबड, हे तिन्ही एकाच पट्टीवर (ट्रॅकवर) गेलं की नंतर वेगळं करता येत नाही. त्याच्या एका व्हिडिओत ऐन शर्यतीत ताईच्या कुकरच्या तीन शिट्ट्या होत्या आणि खालून "भाजीऽऽ" अशी हाळी. माइकची पट्टी वेगळी असती तर तेवढ्यात ती बंद करून गेमचा आवाज ठेवता आला असता. ओबीएस सहा पट्ट्या देतं. पहिलीवर सगळं मिळून ठेवा, कारण साधे प्लेअर पहिलीच वाजवतात. दुसरीवर गेम, तिसरीवर माइक. आणि विंडोज, माइक, ओबीएस सगळीकडं आवाजाचा सॅम्पल रेट ४८ किलोहर्ट्झ एकच ठेवा. एकीकडं ४४.१ आणि दुसरीकडं ४८ असलं की आवाजात मधूनच गडबड येते, ती शोधता शोधता जीव जातो. एडिटिंगमध्ये आवाज आणि ओठ हळूहळू लांब जात असतील, तर बघा, सोबत मोबाइलनं काढलेला तुकडा जोडलाय का. मोबाइल एकसारख्या गतीनं फ्रेम काढत नाही, आणि एडिटिंगचं सॉफ्टवेअर त्या एकसारख्या धरून चालतं.

यूट्यूबवर टाकल्यावर परत चिखल दिसतो, ही तक्रार तर सगळ्यांची. यूट्यूब आलेला प्रत्येक व्हिडिओ स्वतः पुन्हा वाळवतं. बेदाण्याचा बेदाणा. म्हणून घरून माल रसरशीत द्यायचा. २५०० वाला दिला तर ते अजून कोरडं करणार. १२ मेगाबिट हा खालचा आकडा समजा आणि थोडं वर राहा. दुसरी युक्ती अशी, की एडिट झालेला फुल एचडी व्हिडिओ १४४० उभ्या ठिपक्यांवर मोठा करून बाहेर काढायचा आणि तो चढवायचा. १४४० च्या व्हिडिओंना यूट्यूब चांगली पद्धत आणि जास्त जागा देतं, म्हणून बघणाऱ्याला झाडी शाबूत दिसते. फाइल मोठी होते, चढवायला वेळ लागतो, रात्री लावून झोपायचं. गेममधल्या रेडिओवरची गाणी मात्र आधी बंद करा. जीटीए फाइव्हमधली बरीच गाणी खऱ्या कंपन्यांची आहेत आणि यूट्यूबची यंत्रणा ती ओळखते. व्हिडिओ तुमचा, जाहिरातीचे पैसे गाणंवाल्याचे, असं होऊ शकतं.

सांगलीला नाट्यपंढरी म्हणतात, पण तालमीचा कंटाळा आम्हालाच जास्त. भाच्याला एकच सक्ती केलीय, खरं रेकॉर्डिंग करायच्या आधी दोन मिनिटांचं करून बघायचं. तेही मेनूत बसून नाही. गेममधली सगळ्यात वाईट जागा निवडायची, पाऊस, गर्दी, धूर, आणि तिथं गाडी पळवायची. मग स्टॅट्सच्या दोन ओळी बघायच्या आणि फाइल हेडफोन लावून ऐकायची. परवा त्याच्या डिस्कवर असे चाचणीचे चौदा तुकडे सापडले. प्रत्येकाच्या सुरुवातीला, गणपती मंडळाच्या मांडवात बोलतात तसं, "हॅलो, हॅलो, माइक टेस्टिंग, एक दोन तीन". अकराव्यात मागून ताईचा आवाज आहे, "अरे जेवायला येतोयस का न्हाई?" माइकच्या पट्टीवर, वेगळा, स्वच्छ.